दाजींना जामीन राहिलो, आता बँक म्हणते तडजोड करा. सही करू का?

अंबडवाला
नमस्कार मंडळी, बरीच वर्षं इथे नुसताच वाचनमात्र आहे, आज गळ्याशी आलंय म्हणून लिहितोय. थोडं लांबेल, सांभाळून घ्या.

२०१८ साली आमच्या दाजींनी (मोठ्या बहिणीचे मिस्टर) नाशिकच्या अंबडला गाळा भाड्याने घेऊन जॉबवर्क सुरू केलं. एक लेथ मशीन घेतलं, त्यासाठी एका बँकेचं ६ लाख कर्ज, मुदत ५ वर्षं. जामीनदार दोन, एक मी आणि एक त्यांचा मित्र. सही करताना बँकेतला माणूस म्हणाला होता, फॉर्म्यालिटी असते ओ. मी पगाराची स्लिप, पॅन, आधार देऊन सात-आठ ठिकाणी सह्या केल्या, एक पानही वाचलं नाही, खरं सांगतो, दाजी बाहेर चहा सांगून बसले होते आणि मला सेकंड शिफ्टला पोचायचं होतं.

लॉकडाऊनमध्ये जॉबवर्क बंद पडलं. सप्टेंबर २०२० पासून हप्ता नाही. हे मला कधी कळलं तर पाथर्डी फाट्याला फ्लॅट बघितला, होम लोनला अर्ज केला आणि सिबिलमध्ये दाजींचं थकलेलं कर्ज माझ्या नावाखाली दिसलं तेव्हा. मग डिसेंबर २०२३ मध्ये बँकेने दिवाणी दावा लावला, प्रतिवादी १ दाजी, २ मी, ३ तो मित्र. मागणी ६ लाख ९१ हजार अधिक पुढचं व्याज. मित्र गुजरातेत कुठेतरी गेला म्हणतात, त्याला अजून समन्सच बजावलं नाहीये.

आता लोकअदालत येतेय आणि बँक म्हणते ५ लाखात मिटवा. १ लाख २५ हजार आधी, राहिलेले १२ हप्त्यात. दाजी म्हणतात, तू फक्त सही कर, हप्ते मी भरतो. हेच वाक्य मी २०१८ ला पण ऐकलं होतं. बँकेने पुरसीसचा (कोर्टात द्यायच्या तडजोडीच्या लेखी निवेदनाचा) मसुदा दिलाय, त्यात आम्ही दोघे 'एकत्रित व स्वतंत्ररीत्या' जबाबदार असं लिहिलंय आणि एक हप्ता चुकला की तडजोड रद्द, पूर्ण ६ लाख ९१ हजार १४ टक्के व्याजाने. सही करू की केस लढू? माझा पगार ३८ हजार आहे, दोन पोरं आहेत.

गोदाकाठ
नवस दाजींचा आणि बोकड तुम्ही. (हसत नाहीये, मीही एका नवसाचा बोकड होतो, रात्री सविस्तर लिहितो.)

सातपूर_सेकंडशिफ्ट
अजिबात सही करू नका भो. पैसे कोणी घेतले, दाजींनी. मशीन कोणी घेतलं, दाजींनी. मग बँकेने आधी त्यांच्याकडून वसूल करावं, त्यांचं सगळं विकून झालं आणि तरी कमी पडलं तर जामीनदाराकडे यावं. चोर सोडून संन्याशाला फाशी कशाला? कोर्टात हेच सांगा.

वकीलीणबाई
@सातपूर_सेकंडशिफ्ट, हे मी आठवड्यातून तीनदा ऐकते आणि दर वेळी अशिलाचा चेहरा पडतो. करार कायदा १८७२, कलम १२८. जामीनदाराची जबाबदारी मूळ कर्जदाराइतकीच असते, करारात वेगळं लिहिलं असेल तरच कमी. आधी कर्जदाराला गाठा मग मला, हा हक्क जामीनदाराला नाही. सुप्रीम कोर्टाने १९६८ लाच सांगून टाकलंय, बँक ऑफ बिहारच्या केसमध्ये. तिथे खालच्या कोर्टाने आधी कर्जदाराकडून वसुली करा अशी अट घातली होती, ती सुप्रीम कोर्टाने काढून टाकली. कारण साधं आहे, कर्जदार देत नाही तेव्हा लगेच पैसे मिळावेत म्हणूनच तर जामीनदार घेतात.

उलट बँकेला सगळ्यात सोपं सावज अंबडवाला आहेत. धंदेवाल्याचं उत्पन्न शोधावं लागतं, पगारदाराचं कंपनीत असतं. हुकूमनामा (दाव्याचा निकाल) झाला की पगार जप्तीची दरखास्त येते. पहिले १,००० आणि उरलेल्याचे दोन तृतीयांश सोडून बाकी कापता येतं. ३८ हजारावर ढोबळ हिशोब केला तर महिना १२ हजार ३००. एका हुकूमनाम्यापोटी पगार जास्तीत जास्त २४ महिने जप्त राहू शकतो, पण तेवढ्यात जवळपास ३ लाख गेले ना.

(इथे मी वकीलपत्र घेत नाही, तुमचे वकील आहेत त्यांना विचारूनच काय ते करा.)

सातपूर_सेकंडशिफ्ट
मग जामीनदार आणि कर्जदार यात फरक काय राहिला राव?

चिवडा
कर्जदाराने मशीन वापरलं. हाच फरक.

अभ्यासू_पोपट
एक मिनिट. हप्ता बंद सप्टेंबर २०२०, दावा डिसेंबर २०२३. तीन वर्षं होऊन गेली की! मुदत कायद्यात दावा बाद होतो. तडजोड कसली करताय, केस उडवून लावा. ५ लाख वाचले, मला मिसळ द्या.

वकीलीणबाई
पोपटराव, मिसळ स्वतःच्या पैशाने खावी लागेल. १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा काळ सुप्रीम कोर्टाने कोविडमुळे मुदतीतून वगळलाय. म्हणजे यांच्या बाबतीत घड्याळ सुरूच झालं १ मार्च २०२२ ला, तीन वर्षं फेब्रुवारी २०२५ पर्यंत. डिसेंबर २०२३ चा दावा आरामात मुदतीत आहे.

अभ्यासू_पोपट
पोपट झाला. पुढचं चालू द्या.

निफाडी_ठेचा
आमच्याकडचं सांगतो. बँक नाही, पतसंस्था होती, म्हणजे दावाबिवा नाही, थेट १०१ चा दाखला. सहकार कायद्यात निबंधक वसुलीचा दाखला देतो आणि पतसंस्थेचा वसुली अधिकारीच दारात येतो. वडील ज्याला जामीन होते तो द्राक्षाचा शेतकरी, एक वर्ष व्यापारी माल घेऊन गेला तो गेलाच, पुढच्या वर्षी फळछाटणीनंतर पाऊस. माणूस वाईट नव्हता पण बुडाला. आमच्या सातबाऱ्यावर इतर हक्कात बोजा चढला. कोणीतरी सांगितलं वर अपील करा, तर तिथे आधी दाखल्याच्या रकमेच्या ५० टक्के भरा म्हणे, मगच ऐकणार. अर्धे पैसे असते तर तडजोडच केली नसती का.

शेवटी पतसंस्थेत बसूनच मिटवलं. वडिलांनी अर्धे भरले, कर्जदाराने बाग दुसऱ्याला वाट्याने देऊन अर्धे भरले. पण खरी गंमत पुढे. पैसे भरले, पावती घेतली, पेढे वाटले, आणि दोन वर्षांनी स्वतःच्या पीककर्जाला गेलो तर बोजा तसाच! पतसंस्थेने तलाठ्याला पत्रच दिलेलं नव्हतं. तेव्हाचा मॅनेजर बदलून गेलेला, नव्याला फाईल सापडेना. सात चकरा. म्हणून पुरसीसमध्ये लिहून घ्या की शेवटचा हप्ता भरल्यावर इतक्या दिवसात बेबाकी दाखला (कर्ज पूर्ण फिटल्याचा) आणि बोजा असेल तर तो उतरवायचं पत्र बँक देईल. तोंडी 'देऊ ना' चालत नाही.

देवळाली_पहाट
निफाडी, यंदा बागेचं कसं? छाटणी झाली का?

निफाडी_ठेचा
झाली. बोलायची इच्छा नाही 😀

गोदाकाठ
तर माझी गोष्ट. शाळेतल्या मित्राला जामीन होतो, कंपनी पण तीच. त्याचं लग्न मोडलं, नोकरी सुटली, मग फोन बंद. बँकेच्या वकिलाने मला कोर्टाच्या मध्यस्थी केंद्रात बोलावलं. मी चिडून गेलो होतो, की ठणकावून सांगेन, एक रुपया देणार नाही. मध्यस्थ म्हणून एक वयस्कर वकील होते, त्यांनी मला चहा दिला आणि विचारलं, केस जिंकायची काय कारणं आहेत तुमच्याकडे, मला एक सांगा. मी पंधरा मिनिटं बोललो, सगळं मित्राने कसा विश्वासघात केला हेच. ते म्हणाले, हे सगळं खरं आहे, पण हे तुमच्या मित्राविरुद्धच्या दाव्यात कामाला येईल, बँकेविरुद्ध नाही. तिथे माझा पारा उतरला.

मी माझ्यापुरता तडजोडीत सुटलो, २ लाख १० हजार भरले. चूक एकच केली, त्यानंतर मित्राकडून वसुलीचा दावा लावायचा तो लावला नाही, जाऊ दे म्हणत राहिलो. जाऊ दे म्हणता म्हणता चार वर्षं गेली. मागच्या वर्षी कळलं त्याने इंदिरानगरला फ्लॅट घेतला.

वकीलीणबाई
गोदाकाठ, हे वाचून मलाच वाईट वाटलं. बाकीच्यांनी नीट लक्षात ठेवा. जामीनदाराने भरलेले पैसे कर्जदाराकडून परत मागायचा हक्क कलम १४५ ने मिळतो, वेगळा कागद नसला तरी. पण त्याची मुदत जामीनदाराने बँकेला पैसे भरले तेव्हापासून तीन वर्षं. कर्ज घेतल्यापासून नाही, दाव्यापासून नाही, भरल्यापासून.

आणि अंबडवाला, तो गुजरातेतला मित्र विसरू नका. दोन जामीनदार असतील तर आपसात ओझं सारखं, कलम १४६. तुमच्या वाट्याच्या वर तुम्ही जे भराल ते त्याच्याकडून मागता येतं. बँक त्याला समन्स बजवायचा कंटाळा करून दाव्यातून सोडून देईल बहुतेक. देऊ दे. बँकेने त्याला सोडलं तरी तुमच्यासाठी तो सुटत नाही.

निवृत्त_मॅनेजर
मी ३१ वर्षं बँकेत काढली, त्यातली ९ वसुलीत. दुसऱ्या बाजूचं थोडं सांगतो, शिव्या घालू नका.

हप्ता ९० दिवस थकला की खातं एनपीए, म्हणजे थकीत कर्ज. मग दरवर्षी त्यासाठी नफ्यातून तरतूद करावी लागते. तीन वर्षांच्या वर जुनं झालं आणि तारण नीट नसलं की बँकेच्या वहीत ते जवळपास मेलेलं असतं. मेलेल्या खात्यातून जे येईल ते सरळ नफ्यात. म्हणून ६.९१ चे ५ करायला ते तयार आहेत, तुमच्यावर उपकार नाहीत. अजून खाली येतील. पण त्यांना दोन गोष्टी हव्या असतात, आधी भरायची रक्कम मोठी आणि कालावधी छोटा. तुम्ही नुसतं 'कमी करा ओ' म्हणालात तर ऑफिसर वर काय पाठवणार? '१२ ऐवजी ६ महिने, आधी दोन लाख, मग आकडा काय?' असं विचारा, मग फाईल हलते. आणि ऑफिसरच्या तोंडी होकारावर जाऊ नका, मंजुरीपत्र मागा, ते त्याच्या हातात नसतं.

दुसरं म्हणजे सिबिल. तडजोडीने मिटलेल्या खात्याला 'सेटल्ड' लागतं, 'क्लोज्ड' नाही. पुढचं होम लोन देणारा त्यावर प्रश्न विचारणारच. थकीत दिसण्यापेक्षा बरं, पण डाग आहे हे समजून सही करा.

तिसरं, कोणीच विचारलं नाही अजून. मशीन कुठे आहे? कर्ज मशीनवर होतं ना? म्हणजे ते बँकेकडे तारण असणार.

चिवडा
काका एकदम सीआयडी मोडमध्ये.

सिडकोची_सून
मी बायकांच्या बाजूने लिहिते. माझ्या मिस्टरांनी मित्रासाठी अशीच सही केली, मला नोटीस आल्यावर कळलं, ती पण मी घेतली पोस्टमनकडून. रागाने चार दिवस बोलले नाही. अंबडवाला, तुमच्या बायकोला सगळे आकडे माहिती आहेत का? आणि तुमच्या बहिणीला? पुरुष मंडळी आपसात 'मी बघतो ना' करतात आणि घरातल्या दोन बायकांना शेवटी कळतं, जेव्हा दागिने काढायची वेळ येते.

अंबडवाला
सगळ्यांचे आभार. बायकोला माहिती आहे (होम लोन तिच्याच समोर नाकारलं गेलं). ताईला अर्धवट माहिती आहे, दाजींनी 'बँकेचं किरकोळ' असं सांगून ठेवलंय.

मशीनचं. मॅनेजर काकांचं वाचलं आणि रात्री झोप आली नाही. दाजी मला म्हणाले होते गाळा सोडला तेव्हा मशीन गोडाऊनला टाकलं. काल ड्युटीनंतर त्यांच्या जुन्या हेल्परला भेटलो. मशीन सातपूरला एका वर्कशॉपमध्ये चालू आहे. भाड्याने. महिना ९ हजार. दोन वर्षं झाली.

काय लिहू सुचत नाहीये.

सातपूर_सेकंडशिफ्ट
आता तर सही करूच नका आणि दाजींवर केस टाका. मी म्हणालोच होतो.

चिवडा
यावेळी गंमत नाही करत. वाईट झालं राव.

देवळाली_पहाट
दाजींची बाजू पण ऐका एकदा. ९ हजारात घरभाडं निघत असेल त्यांचं. धंदा बुडालेला माणूस खोटं बोलतो ते कायम लबाडीनेच असं नाही, लाजेनेही बोलतो. माझे वडील बोलायचे.

सातपूर_सेकंडशिफ्ट
लाज यांना आणि पगार जप्त याचा, वा.

निवृत्त_मॅनेजर
भांडू नका, ही चांगली बातमी आहे! मशीन चालू आहे म्हणजे त्याला किंमत आहे. गोडाऊनमध्ये गंजलं असतं तर भंगाराचा भाव. जो भाड्याने वापरतोय त्यालाच विचारा विकत घेतो का, त्याचं काम त्यावर बसलेलं असतं, तोच जास्त देईल. पण परस्पर विकू नका. तारण आहे, बँकेची लेखी ना हरकत घ्या आणि पैसे थेट कर्जखात्यात जाऊ द्या, दाजींच्या हातात नको. हीच तुमची आधी भरायची रक्कम.

वकीलीणबाई
सहमत. कायद्यानेही तुमचं पारडं इथे जड आहे. बँकेकडे जे तारण आहे त्याचा फायदा जामीनदाराला मिळायला हवा, कलम १४१. बँकेने निष्काळजीने तारण घालवलं तर तेवढ्या किमतीपुरता जामीनदार सुटतो. त्यामुळे बँकेच्या वकिलाला शांतपणे विचारा, मशीन कुठे आहे हे तुम्ही शेवटचं कधी तपासलं होतं? प्रश्न विचारून गप्प बसा.

आता मसुद्याबद्दल. 'एक हप्ता चुकला की सगळं रद्द' हे काढायला लावा. सलग दोन हप्ते चुकले तर, आणि चुकल्यावर १५ दिवसांची लेखी नोटीस, ती तुम्हालाही. नाहीतर दाजी हप्ता चुकवतील आणि तुम्हाला पगार जप्तीच्या दिवशी कळेल. भरलेले हप्ते वजा होतील हेही लिहा, मसुद्यात ते नाहीये असं तुमच्या वर्णनावरून दिसतं. लोकअदालतीत एकदा निवाडा झाला की तो दिवाणी हुकूमनाम्यासारखाच, त्यावर अपील नाही. म्हणजे 'मला नीट समजलं नव्हतं' हे नंतर चालत नाही. २०१८ सारखी सही करू नका, घरी आणा, वाचा, बायकोला वाचून दाखवा.

अजून एक बारीक गोष्ट. लोकअदालतीत दावा मिटला की कोर्ट फी परत मिळते, ज्याने भरली त्याला. बँकेने ५ लाखाच्या हिशोबात कोर्ट फी धरलीय का बघा. धरली असेल तर वजा करायला लावा, दोनदा कशाला घेतील?

अंबडवाला
धरलीय!! 'खर्च' म्हणून एक रकाना आहे त्यात कोर्ट फी आणि वकील फी एकत्र आहे. हे मला जन्मात कळलं नसतं.

एक प्रश्न. कोणी म्हणतं दाजींकडून वेगळं लिहून घे. माझ्या सख्ख्या बहिणीच्या घरी स्टँप पेपर घेऊन जायचा? आईला कळलं तर ती जेवणार नाही.

अभ्यासू_पोपट
१०० चा स्टँप पेपर घ्या, साधं लिहून नोटरी करा.

निफाडी_ठेचा
पोपट, १०० चा बंद झाला ऑक्टोबर २०२४ पासून. ५०० चा घ्यावा लागतो.

चिवडा
नात्याला पण महागाई.

देवळाली_पहाट
मी असतो तर नसतं घेतलं. पैसे आज ना उद्या येतात, ताईचं माहेर एकदाच असतं. कलम १४५ आहेच म्हणालात ना बाई, कागद नसला तरी हक्क आहे. मग कागद कशाला?

गोदाकाठ
देवळाली, तुमचं मन मोठं आहे. पण मी कागद केला नव्हता आणि मैत्री पण राहिली नाही, पैसेही नाही. कागद असता तर निदान भांडण कशावर आहे ते दोघांना माहिती असतं. आता तो म्हणतो मी तुला अर्धे कॅश दिले होते. दिले नव्हते. पण मी सिद्ध काय करणार?

वकीलीणबाई
देवळाली, हक्क असतो आणि तो शाबीत करावा लागतो, दोन वेगळ्या गोष्टी आहेत. कोणता हप्ता कोणी भरला एवढं स्वच्छ राहिलं तरी पुष्कळ. दाजींच्या खात्यातून थेट बँकेत जाऊ दे, तुमच्या खात्यातून नको. तुम्ही भरलाच एखादा तर तो तुमच्याच खात्यातून, कॅश अजिबात नाही. मग पासबुकच कागद झाला.

सिडकोची_सून
आणि मी म्हणते ताईशी बोला. आईला सोडा, दाजींना सोडा. ताईला घेऊन गंगेवर (गोदावरीवर) जा, बसा, सगळे आकडे सांगा. माझ्याकडे शेवटी मित्राच्या बायकोनेच पैसे उभे केले होते, मित्र तोंड लपवून बसला होता.

अंबडवाला
बघतो.

देवळाली_पहाट
काय झालं अंबडवाला? तीन आठवडे झाले. धागा वर काढतोय.

चिवडा
दाजींनी बहुतेक यांनाच भाड्याने दिलं. महिना ९ हजार.

अंबडवाला
आहे आहे. नाईट शिफ्ट चालू होती आणि डोकं पण जाग्यावर नव्हतं. सविस्तर सांगतो.

ताईशी बोललो. गंगेवर नाही, तिथे खोदकाम चालू आहे सिंहस्थाचं, बसायला जागा नाही, तिच्याच गच्चीवर. मी आकडे सांगत होतो तर ती मधेच उठून खाली गेली, मला वाटलं चिडली, ती डायरी घेऊन आली. तिला मशीनचं भाडं माहिती होतं. ९ हजारातले ५ हजार ती दर महिन्याला बाजूला टाकत होती, पोरीच्या अ‍ॅडमिशनसाठी, १ लाखाच्या वर झाले होते. तिला हे माहिती नव्हतं की माझ्यावर केस आहे. दाजींनी तिला सांगितलं होतं जामीनदाराला काही होत नसतं. मला सांगितलं होतं मशीन गोडाऊनला आहे. दोघांना अर्धं अर्धं सांगून माणूस मधे दोन वर्षं जगत होता. दाजी वर आले तेव्हा ती काही बोलली नाही, फक्त डायरी त्यांच्यासमोर ठेवली. मला तिथून पळून जावंसं वाटलं.

मशीन त्या सातपूरवाल्यालाच विकलं, २ लाख ३० हजार. मॅनेजर काका, तुमचं शंभर टक्के बरोबर निघालं, आधी तो १ लाख ६० म्हणत होता, मग ताई म्हणाली आम्ही उचलून नेतो उद्या, तेव्हा वाढला. बँकेची ना हरकत मिळायला नऊ दिवस लागले. बँकेच्या वकिलाला मशीन शेवटचं कधी तपासलं हे विचारलं, बाईंनी सांगितल्यासारखं विचारून गप्प बसलो. त्यांनी फाईल चाळली आणि म्हणाले, तुमची अपेक्षा काय आहे. 😀

शनिवारी लोकअदालत झाली. पार्किंग मिळेना म्हणून गाडी पार लांब लावली आणि सीबीएसपर्यंत (कोर्टाजवळचं बसस्थानक) चालत गेलो. तीन तास बसलो, टेबलावर मात्र दहा मिनिटं. आकडा ५ चा ४ लाख ७० हजार झाला, कोर्ट फी वजा. २ लाख ३० मशीनचे जमा झालेच होते, उरलेले २ लाख ४०, २० हजाराचे १२ हप्ते. सलग दोन चुकले तरच रद्द, १५ दिवसांची नोटीस मलाही, भरलेलं वजा, शेवटच्या हप्त्यानंतर ३० दिवसात बेबाकी दाखला. हे सगळं मसुद्यात घालायला आमचे वकील थोडे वैतागले, म्हणाले एवढं कोणी बघत नाही. मी म्हणालो मागच्या वेळी मीच बघितलं नव्हतं. तिसऱ्या प्रतिवादीवरचा दावा बँकेने सोडून दिला.

मॅनेजर काका, ६ महिन्यांचं मी काढलं होतं, पण ४० हजाराचा हप्ता आमच्याने होणार नव्हता, म्हणून १२ च ठेवले. सिबिलला 'सेटल्ड' लागेल, फ्लॅटचं सध्या विसरलोय.

स्टँप पेपर केला नाही. ताईने तिच्या डायरीत एक पान केलंय, तारीख, रक्कम, कोणी भरली, आणि खाली दाजींची सही. मला म्हणाली तूही कर. आईला अजून काही माहिती नाही. पहिला हप्ता दाजींच्या खात्यातून गेला, त्यांनीच स्क्रीनशॉट पाठवला, खाली काही लिहिलं नव्हतं.

सातपूर_सेकंडशिफ्ट
चांगलं झालं. तरी मी केसच टाकली असती.

वकीलीणबाई
त्या पानाचा फोटो काढून ठेवा, दर महिन्याला. बाकी छान केलंत.

निवृत्त_मॅनेजर
'तुमची अपेक्षा काय आहे' हे वाक्य बँकेकडून ऐकायला लोक आयुष्य घालवतात. अभिनंदन.

निफाडी_ठेचा
बेबाकी दाखल्याची तारीख मोबाईलमध्ये आत्ताच लावून ठेवा. सात चकरा आठवा माझ्या.

सिडकोची_सून
ताईंना माझा नमस्कार सांगा.

अभ्यासू_पोपट
एक शंका. ती कोर्ट फी परत मिळाली ती शेवटी कोणाला?

अंबडवाला
बँकेला. त्यांनीच भरली होती ना.

चिवडा
म्हणजे त्या लोकअदालतीत रोख पैसे घेऊन बाहेर पडणारी एकटी बँकच.

अंबडवाला
आणि गाडी लावली होती तिथला पार्किंगवाला.